शांतिसेना नेमकं काय राखते?

वाटसरू७

एका झाडापासून सुरुवात करतो.

३ ऑगस्ट २०१०. लेबनॉन आणि इस्रायल यांच्यामधल्या कुंपणाजवळ, अदैसा गावापाशी, इस्रायली सैनिक क्रेन घेऊन झाडं तोडायला आले. इथे कुंपण वेगळं आणि संयुक्त राष्ट्रांनी आखलेली निळी रेषा वेगळी, हीच सगळी गोम. कुंपण काही ठिकाणी रेषेपासून आत, इस्रायलच्या बाजूला घातलेलं आहे. त्यामुळे कुंपणापलीकडचं झाड लेबनॉनच्या सैनिकाला डोळ्यांदेखत आपलं वाटतं, आणि नकाशावर मात्र ते इस्रायलच्या हद्दीत असतं. युनिफिलला, म्हणजे संयुक्त राष्ट्रांच्या तिथल्या शांतिसेनेला, या कामाची आगाऊ खबर होती. ते दोन्ही बाजूंना थांबा, थांबा म्हणत होते. क्रेनचा हात कुंपणावरून पलीकडे गेला आणि गोळीबार सुरू झाला. लेबनॉनचे दोन सैनिक, एक पत्रकार आणि इस्रायलचा एक अधिकारी गेले.

चारच वर्षांपूर्वी याच पट्ट्यात ३४ दिवसांचं युद्ध होऊन गेलं होतं. म्हणजे दारूगोळा कोरडा होता, ठिणगीही पडली होती. तरी युद्ध झालं नाही. दुसऱ्या दिवशी युनिफिलने मोजणी करून जाहीर केलं की झाडं निळ्या रेषेच्या दक्षिणेला, म्हणजे इस्रायलच्या बाजूलाच होती. लगेच नाकूराला दोन्हीकडचे लष्करी अधिकारी युनिफिलच्या प्रमुखासमोर बसले. २००६ नंतर सुरू झालेल्या या त्रिपक्षीय बैठकांची रीत अशी की लेबनॉनचा अधिकारी इस्रायलच्या अधिकाऱ्याशी थेट बोलत नाही. दोघंही मधल्या खुर्चीशी बोलतात. ऐकू दोघांनाही सगळं येतं.

ती मधली खुर्ची हा माझ्या धाग्याचा विषय आहे.

शांतिसेना म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर निळं शिरस्त्राण आणि पांढरी जीप येते, आणि पाठोपाठ प्रश्न येतो, ‘हे लोक लढत का नाहीत?’ मला वाटतं प्रश्नच चुकीच्या ठिकाणी उभा आहे. शांतिसेना लढून शांतता मिळवायला जन्मलीच नव्हती. १९४८ साली पॅलेस्टाइनमध्ये पहिले निरीक्षक गेले ते निःशस्त्र. १९५६ साली सुएझच्या पेचात कॅनडाचे लेस्टर पिअर्सन आणि सरचिटणीस डाग हॅमरशोल्ड यांनी पहिली सशस्त्र तुकडी उभी केली, तीसुद्धा ब्रिटन, फ्रान्स आणि इस्रायलला इजिप्तमधून अब्रू राखून माघार घेता यावी म्हणून. निळ्या टोप्या वेळेत शिवून मिळणार नव्हत्या, तेव्हा अमेरिकी सैन्याच्या शिरस्त्राणांची आतली टोपरी निळ्या रंगाने फवारून घेतली. तीच पुढे ओळख झाली. आणखी एक बारकावा मला फार बोलका वाटतो. कॅनडाने पाठवायला काढलेल्या पलटणीचं नाव होतं ‘क्वीन्स ओन रायफल्स’, गणवेशही ब्रिटिशांसारखा. इजिप्तचे अध्यक्ष नासेर यांनी हरकत घेतली. ज्या ब्रिटनने नुकते बाँब टाकले त्याच राणीच्या नावाची पलटण लोकांनी मधली कशी मानायची? ती पलटण गेली नाही. निःपक्ष असणं पुरत नाही, तसं दिसावंही लागतं.

संयुक्त राष्ट्रांच्या सनदेत ‘शांतिसेना’ हा शब्द कुठेच नाही. सहाव्या प्रकरणात वाटाघाटी, मध्यस्थी, लवाद. सातव्यात निर्बंध आणि बळाचा वापर. शांतिसेना दोन्हींच्या मधल्या फटीत उगवली, म्हणून तिला ‘साडेसहावं प्रकरण’ म्हणतात. तिचे तीन पाय: दोन्ही पक्षांची संमती, निःपक्षपात, आणि स्वसंरक्षण व नेमून दिलेलं काम राखणं सोडून बळ न वापरणं. एक पाय मोडला की डोलारा कोसळतो.

शब्दांचंही थोडं बोलतो, कारण बातम्यांत सगळ्याला सरसकट ‘युद्धविराम’ म्हणतात. तोफा काही तासांसाठी थांबणं वेगळं. अटी, रेषा आणि देखरेख ठरवून केलेली शस्त्रसंधी वेगळी. लढाई थांबते पण वाद जिवंत राहतो, ती युद्धतहकुबी. कोरियात २७ जुलै १९५३ ला झाली, आजही तीच चालू आहे. आणि तह वेगळा. शांतिसेना बहुतेक वेळा शस्त्रसंधी आणि तह यांच्यामधल्या वाटेवर उभी असते. तह करायची वेळ तिने दोन्ही पक्षांना मिळवून द्यायची. मिळालेली वेळ कुणी वापरलीच नाही तर दोष कुणाचा, यावर तुमची मतं हवी आहेत.

उंबरठा

धागा आवडला, पण मूळ मांडणी मला पटत नाही, आणि ते स्पष्ट लिहिते.

मधली खुर्ची दोन सैन्यांमध्ये शोभते. एक बाजू हातात कोयते घेतलेली आणि दुसरी बाजू शाळेच्या आवारात लपलेली असेल तर तिथे ‘मध्ये’ म्हणजे कुठे?

रवांडा. ११ जानेवारी १९९४ ला तिथल्या शांतिसेनेचे प्रमुख रोमेओ दालेर यांनी न्यूयॉर्कला तार पाठवली. शस्त्रांचे साठे कुठे आहेत हे एका खबऱ्याने सांगितलंय, अल्पसंख्य तुत्सी समाजाच्या लोकांच्या याद्या होताहेत, मी छापे घालतो. उत्तर आलं, नको, ते तुमच्या अधिकारात बसत नाही. ७ एप्रिलला पंतप्रधान अगात उविलिंगियिमाना यांची हत्या झाली आणि त्यांच्या रक्षणाला दिलेले १० बेल्जियन शांतिसैनिकही मारले गेले. बेल्जियमने आपली माणसं परत बोलावली. किगालीतल्या एका तांत्रिक शाळेत बेल्जियन तुकडीच्या आसऱ्याला सुमारे २,००० लोक आले होते. ११ एप्रिलला तुकडीने गाड्या सुरू केल्या. लोक गाड्यांसमोर आडवे झाले. गाड्या निघून गेल्या आणि त्यांतले बहुतेक लोक काही तासांत मारले गेले. २१ एप्रिलला, कत्तल ऐन भरात असताना, सुरक्षा परिषदेने सेना कमी करून २७० माणसांवर आणण्याचा ठराव केला. शंभर दिवसांत सुमारे ८ लाख माणसं गेली.

निःपक्षपात हा गुण दोन भांडणाऱ्यांच्या बाबतीत. मारणारा आणि मरणारा यांच्यात निःपक्ष राहणं म्हणजे मारणाऱ्याला वाट मोकळी करून देणं. हे मी रागाने लिहितेय आणि तो राग मला योग्य वाटतो.

आणि तरी त्याच ठिकाणी दुसरीही गोष्ट घडली. सेनेगलचा निःशस्त्र निरीक्षक, कॅप्टन म्बाये दियाञ, आपल्या गाडीतून दोन-दोन, चार-चार माणसं नाक्यांपलीकडे नेत राहिला. पंतप्रधानांची मुलं त्यानेच आधी लपवली. नाक्यावरच्यांशी हसायचा, सिगरेटी द्यायचा, बोलत राहायचा. शेकडो लोक वाचवले. ३१ मे १९९४ ला मॉर्टरच्या स्फोटात गेला. घानाची तुकडीही थांबली, आणि उरलेल्या मूठभर लोकांच्या पहाऱ्यात किगालीच्या स्टेडियममध्ये हजारो जण जिवंत राहिले. म्हणजे अशक्य होतं असं नाही.

शेवंता

उंबरठा, शाळेचा प्रसंग वाचून पुढे लिहायला हात धजेना. वाचते आहे. सायप्रसवर नंतर लिहीन.

दीपमाळ

उंबरठा यांच्या रागाशी पूर्ण सहमत, पण राग कुणावर काढायचा ते नीट पाहू.

‘संयुक्त राष्ट्र अपयशी ठरली’ या वाक्यात तीन वेगवेगळे लोक एका नावाखाली लपतात. ठराव करणारे, पैसे देणारे आणि माणसं पाठवणारे. ठराव सुरक्षा परिषदेचे १५ सदस्य करतात, त्यांतल्या पाचांकडे नकाराधिकार. पैशांचा सर्वांत मोठा वाटा अमेरिकेचा, मग चीनचा. माणसं मात्र नेपाळ, बांगलादेश, रवांडा, भारत, पाकिस्तान, घाना, इथिओपिया अशा देशांची. होय, रवांडाची. ज्या देशाला जग सोडून गेलं तो आज सर्वाधिक शांतिसैनिक पाठवणाऱ्यांत आहे.

स्रेब्रेनित्साचं उदाहरण घ्या. १९९३ साली परिषदेने या बोस्नियन गावाला ‘सुरक्षित क्षेत्र’ म्हटलं, नंतर आणखी पाच ठिकाणांना. लष्करी सल्लागारांनी सांगितलं, या सगळ्यांना खरंच धाक बसवायचा तर सुमारे ३४,००० सैनिक लागतील. मंजूर झाले ७,६००. तेही जागेवर पोचायला महिने लागले. जुलै १९९५ मध्ये डच तुकडीच्या डोळ्यांसमोर गाव बोस्नियन सर्ब सैन्याच्या हाती पडलं आणि सुमारे ८,००० बोस्नियाक, म्हणजे बोस्नियन मुस्लिम, पुरुष आणि मुलगे मारले गेले. डच सैनिकांनी काय करायला हवं होतं यावर न्यायालयांत वर्षानुवर्षं खल झाला आणि तो व्हायलाच हवा होता. पण ‘सुरक्षित’ हा शब्द कागदावर लिहून त्याच्यामागे चौथा हिस्साही बळ न देणाऱ्यांना कुणी कुठल्या कोर्टात उभं केलं नाही. माणसांना वाटलं इथे सुरक्षित आहे म्हणून ती तिथेच थांबली. त्या शब्दानेच त्यांना अडकवून ठेवलं.

२००० साली संयुक्त राष्ट्रांनीच नेमलेल्या लखदर ब्राहिमी यांच्या समितीने हेच मांडलं. सचिवालयाने परिषदेला जे ऐकायला आवडेल ते सांगू नये, जे कळायला हवं ते सांगावं, असा त्या अहवालाचा गाभा. माझ्या मते गेल्या पाऊणशे वर्षांत या विषयावर लिहिलं गेलेलं सर्वांत कामाचं वाक्य हेच.

पहाटवारा

मी निवृत्त लष्करी अधिकारी आहे. आफ्रिकेतल्या एका मिशनवर एक वर्ष लष्करी निरीक्षक होतो. जागा आणि साल लिहीत नाही. निरीक्षक निःशस्त्र असतो, हे बऱ्याच जणांना माहीत नसतं. बायको-मुलांना सांगताना आम्ही सगळेच ते गाळायचो.

दीपमाळ यांनी वरची गोष्ट सांगितली, मी खालची सांगतो.

आमचा दिवस म्हणजे गस्त आणि रिपोर्ट. चौघं, चार देशांचे, दोन गाड्या, एक दुभाषा. काळी माती, पावसात चाकाला अशी चिकटते की गाडी जागची हलत नाही. एकदा नऊ किलोमीटर जायला साडेपाच तास लागले. गावात पोचलं की आधी मुखियाकडे. बसायचं. कामाचं लगेच विचारायचं नाही. गुरं कशी आहेत, पाणी कुठून आणता, कोण आजारी आहे. गुरं पळवली गेल्याची बातमी ही आमच्यासाठी सर्वांत मोठी लष्करी बातमी असायची, कारण तिच्यामागोमाग आठ-दहा दिवसांत सूड यायचा. वरून उपग्रहाला जळालेली घरं दिसतात. जळणार आहेत ती दिसत नाहीत. ती मुखियाच्या बोलण्यात दिसतात.

सगळ्यांत महत्त्वाचा माणूस दुभाषा. आम्ही वर्षाने घरी जाणार, तो तिथलाच. एका बैठकीत समोरचा कमांडर जे बोलला त्याचं भाषांतर करायला आमचा दुभाषा क्षणभर थांबला. नंतर गाडीत म्हणाला, त्याने माझ्या वडिलांचं नाव घेतलं होतं. त्याचा अर्थ काय, हे आम्हाला सांगावं लागलं नाही. पुढच्या वेळी त्याला नेलं नाही, दुसऱ्या भागातला माणूस घेतला. ही असली जबाबदारी कुठल्या ठरावात लिहिलेली नसते.

आणि लढण्याबद्दल. निःशस्त्र माणूस नाक्यावर उभा राहून काय करतो? बघतो. नाव विचारतो. वहीत लिहितो. बंदूकवाल्याला कळतं की आपलं नाव कुठेतरी लिहिलं गेलं. दहापैकी काही वेळा तेवढ्याने फरक पडतो. प्रत्येक वेळी पडत नाही. ज्या वेळी पडला नाही त्या वेळा मी विसरलेलो नाही.

कोरापान

पहाटवारा दादा, मनापासून आभार. असं लिहिणारं कुणी भेटत नाही.

एक अगदी मूलभूत शंका. सिनाईमध्ये इजिप्त आणि इस्रायलच्या मध्ये जे सैनिक आहेत ते संयुक्त राष्ट्रांचे नाहीत असं वाचलं. मग ते कुणाचे?

वाटसरू७

कोरापान, बरोबर वाचलंत. १९७९ च्या इजिप्त-इस्रायल तहात संयुक्त राष्ट्रांची सेना गृहीत धरली होती. पण सोव्हिएत रशिया नकाराधिकार वापरणार हे उघड होतं. मग दोन्ही देशांनी अमेरिकेच्या मदतीने स्वतंत्र बहुराष्ट्रीय दलच उभं केलं. १९८२ पासून ते सिनाईत आहे. निळ्याऐवजी त्यांची टोपी भगव्या-तांबूस रंगाची.

यातून माझा मुद्दा बळकट होतो असं वाटतं. दोन्ही पक्षांना तह टिकवायचाच होता, म्हणून टोपीचा रंग बदलला तरी काम चाललं. त्याच वाळवंटात १९६७ च्या मे महिन्यात उलटं झालं होतं. नासेर यांनी सेना काढून घ्या म्हटलं, सरचिटणीस ऊ थांट यांनी संमतीच संपली म्हणून ती काढली, आणि ५ जूनला युद्ध पेटलं. ऊ थांट यांना त्याबद्दल आयुष्यभर बोल लावला गेला. पण त्या सेनेला इस्रायलने आपल्या बाजूला कधीच उभं राहू दिलं नव्हतं, आणि इजिप्तने हात झटकल्यावर ती थांबणार कुणाच्या जमिनीवर?

अनाहत

इतका वेळ सैनिकांवर बोलणं झालं. मला वाटाघाट करणाऱ्यांबद्दल लिहायचंय, कारण खरी कारागिरी तिथे आहे.

१७ सप्टेंबर १९४८ ला मध्यस्थ काउंट फोल्के बर्नाडोट यांचा जेरुसलेममध्ये खून झाला. त्यांची जागा राल्फ बंच यांनी घेतली. गुलामगिरीतून आलेल्या कुटुंबातला, अमेरिकेत वंशभेद सोसलेला हा कृष्णवर्णीय विद्वान ऱ्होड्स बेटावरच्या हॉटेलात इजिप्त आणि इस्रायलच्या शिष्टमंडळांना घेऊन बसला. सुरुवातीला दोघं एका खोलीत यायलाही राजी नव्हते. बंच यांनी आधी विषयपत्रिकेवर सह्या घेतल्या. फक्त कशावर बोलायचं याच्यावर. विरोधकासोबत एका कागदावर सही करायची सवय लागावी म्हणून. एका एका कलमावर रात्र-रात्र. असं सांगतात की त्यांनी बेटावरच्या कुंभारांकडून आठवणीसाठी रंगीत थाळ्या करवून घेतल्या होत्या. प्रतिनिधींना दाखवून म्हणाले, करार झाला तर प्रत्येकाला एक घरी न्यायला मिळेल, नाही झाला तर तुमच्या डोक्यात फोडीन. फेब्रुवारी १९४९ मध्ये इजिप्तबरोबर करार झाला, मग लेबनॉन, जॉर्डन, सीरिया. १९५० चं शांततेचं नोबेल बंच यांना मिळालं.

दुसरं उदाहरण नामिबियाचं, आणि हे जरा सावकाश सांगते कारण ते फार कमी बोललं जातं. देश दक्षिण आफ्रिकेच्या ताब्यात होता. स्वातंत्र्याचा आराखडा सुरक्षा परिषदेच्या ठराव ४३५ मध्ये १९७८ सालीच तयार होता. अंमल सुरू व्हायला १९८९ चा एप्रिल उजाडला. मधली अकरा वर्षं संयुक्त राष्ट्रांचे विशेष प्रतिनिधी मार्टी अहतिसारी तो कागद जपून बसले होते. १ एप्रिल १९८९, पहिलाच दिवस. खर्चावरून न्यूयॉर्कमध्ये इतकी घासाघीस झाली होती की सैनिक अजून पोचलेच नव्हते. त्याच दिवशी स्वापो या नामिबियाच्या स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या संघटनेचे सैनिक अंगोलातून उत्तर सीमा ओलांडून आत आले. दक्षिण आफ्रिकेने मागणी केली, आमचं सैन्य बराकीबाहेर काढू द्या. अहतिसारींसमोर दोनच वाटा. नाही म्हणावं तर सगळी प्रक्रिया त्याच दिवशी मोडते. हो म्हणावं तर ज्यांच्या स्वातंत्र्यासाठी आपण आलो त्यांनाच मारायला परवानगी दिल्यासारखं. त्यांनी होकार दिला. नऊ दिवसांत सुमारे ३०० स्वापो सैनिक मारले गेले.

पण प्रक्रिया जगली. नोव्हेंबरमध्ये निवडणूक झाली, २१ मार्च १९९० ला नामिबिया स्वतंत्र झाला, आणि निवडून आला तो स्वापोच. त्या होकाराचं समर्थन करावं की नाही, मी ठरवू शकलेले नाही. एवढंच कळतं की न्यूयॉर्कमधली घासाघीस वेळेत संपली असती, उत्तर सीमेवर निळ्या टोप्या उभ्या असत्या, तर तो प्रश्नच उभा राहिला नसता.

मोझांबिकमध्ये संयुक्त राष्ट्रांचे प्रतिनिधी आल्दो आयेलो यांनी आणखी वेगळा मार्ग काढला. यादवी थांबवणाऱ्या १९९२ च्या रोम करारानंतर रेनामो ही जंगलातली बंडखोर संघटना होती. राजधानीत कचेरी नाही, पैसा नाही, पक्ष म्हणून जगायचं कसं ते माहीत नाही. अशा संघटनेला जंगलात परतणं सोपं असतं. आयेलो यांनी देणगीदार देशांकडून खास निधी उभा करून रेनामोला पक्ष व्हायला पैसा दिला. नाकं मुरडणारे बरेच होते. १९९४ ची निवडणूक झाली, रेनामो हरली आणि संसदेत जाऊन बसली.

उंबरठा

अनाहत, नामिबियाचं मला ठाऊक नव्हतं. आज दिवसभर तेच डोक्यात आहे.

पण एक बाजू अजून कुणी काढली नाही. शांतिसैनिकांमुळे ज्यांचं नुकसान झालं त्यांचं काय? ऑक्टोबर २०१० मध्ये हैतीत मिरेबाले जवळच्या शांतिसेनेच्या तळावरचं सांडपाणी आर्तिबोनीत नदीच्या उपनदीत गेलं आणि कॉलरा पसरला. सुमारे १०,००० माणसं दगावली. आधीच जानेवारीच्या भूकंपाने मोडलेला देश. सरचिटणीस बान की-मून यांनी माफी मागितली डिसेंबर २०१६ मध्ये. सहा वर्षं. पीडित अमेरिकेतल्या न्यायालयात गेले तर संयुक्त राष्ट्रांना कायदेशीर अभय आहे म्हणून दावा टिकला नाही.

लैंगिक अत्याचारांचंही तसंच. शांतिसैनिकाने गुन्हा केला तर त्याला शिक्षा फक्त त्याचा स्वतःचा देश करू शकतो. संयुक्त राष्ट्रं त्याला घरी पाठवू शकतात, बस. ती मुलगी मात्र तिथेच राहते. पोट घेऊन, गावाच्या नजरा झेलत. विश्वासावर चालणाऱ्या कामात याहून मोठा घात दुसरा नाही, आणि जे लोक या कामावर प्रेम करतात त्यांनी हे सर्वांत मोठ्याने बोलायला हवं.

पहाटवारा

उंबरठाताई, शब्दन् शब्द मान्य.

शेवंता

सायप्रस. इथे शांतिसेना मार्च १९६४ पासून आहे. राजधानी निकोसियात ग्रीक आणि तुर्की सायप्रियटांना वेगळं करणारी ‘हिरवी रेषा’ एका ब्रिटिश जनरलने नकाशावर हिरव्या पेन्सिलीने ओढली म्हणून ते नाव. १९७४ च्या तुर्की आक्रमणानंतर बेटाच्या आरपार सुमारे १८० किलोमीटरचा मधला पट्टा झाला. आक्षेप नेहमीचाच: इतकी वर्षं सेना आहे म्हणूनच कुणाला तोडग्याची घाई नाही. आक्षेपात तथ्य आहे. २००४ साली सरचिटणीस कोफी अन्नान यांच्या बेट पुन्हा एक करण्याच्या योजनेवर दोन्हीकडे मतदान झालं. तुर्की सायप्रियटांपैकी सुमारे ६५ टक्के हो म्हणाले, ग्रीक सायप्रियटांपैकी सुमारे ७६ टक्के नाही. तिथेच गाडं अडलं.

पण मी दोन गोष्टींकडे बघते. एक, निकोसियाची गटारं. शहर तारेच्या कुंपणाने कापलं, पण मैला कुठल्या रेषेवर थांबतो? दोन्ही बाजूंचे महापौर, लेल्लोस दिमित्रियादिस आणि मुस्तफा अकिंजी, यांनी सत्तरच्या दशकाच्या अखेरीस एकत्र बसून संपूर्ण शहराची एकच सांडपाणी व्यवस्था उभी केली. दोन सरकारं एकमेकांना मान्यता देत नव्हती आणि जमिनीखाली नळ एकच होता.

दुसरी, हरवलेल्या माणसांची समिती. दोन्ही समाजांचे मिळून २,००२ जण बेपत्ता होते. २००६ पासून दोन्हीकडचे तरुण पुरातत्त्वज्ञ एकत्र खणतात, हाडं एका प्रयोगशाळेत टेबलावर मांडतात, ओळख पटवतात, घरच्यांना देतात. हजाराहून अधिक जणांची ओळख पटली आहे. कुणी मारलं हे समिती विचारत नाही, ती अट आहे. मला आधी ती अट अन्यायाची वाटायची. मग लक्षात आलं की त्या अटीमुळेच म्हातारी माणसं येऊन, विहिरीकडे बोट दाखवून, ‘इथे खणा’ असं सांगतात.

शांतिसेना नसती तर ती खणणारी मुलं त्या पट्ट्यात उभी तरी राहू शकली असती का?

दीपमाळ

शेवंता, विहिरीचं वाक्य राहील लक्षात.

आता सद्यस्थिती, कारण आपण जे बोलतोय ते झपाट्याने आवरतं घेतलं जातंय. मालीने जून २०२३ मध्ये शांतिसेनेला निघून जायला सांगितलं. त्या मिशनने दहा वर्षांत ३०० हून अधिक माणसं गमावली होती. ३१ डिसेंबरला ती संपली. जानेवारी २०२५ मध्ये काँगोतलं गोमा शहर एम२३ या बंडखोर गटाच्या हाती गेलं, शांतिसेना तिथे असताना. आणि धाग्याच्या सुरुवातीची युनिफिल: ऑगस्ट २०२५ मध्ये परिषदेने तिला शेवटची मुदतवाढ दिली, ३१ डिसेंबर २०२६ पर्यंत. त्यानंतर ती खुर्ची उचलली जाणार.

पैशांचंही सांगतो. २०२४-२५ साठी सगळ्या शांतिसेनांचा मिळून मंजूर खर्च होता सुमारे ५.६ अब्ज डॉलर. जगाच्या वर्षाच्या लष्करी खर्चाचा हा साधारण पाचशेवा हिस्सा. तेवढाही वेळेवर भरला जात नाही. ऑक्टोबर २०२५ मध्ये तुटवड्यामुळे जवळजवळ पाव सैनिक कमी करायचं ठरलं. आणि दुसरीकडे व्हर्जिनिया पेज फोर्टना यांच्यासारख्यांचं संशोधन सांगतं की शस्त्रसंधीनंतर शांतिसेना असेल तर युद्ध पुन्हा पेटण्याची शक्यता बरीच घटते. पण न पेटलेल्या युद्धाची बातमी होत नाही, मग पैसे कोण मागणार?

वाटसरू७, तुमच्या मूळ प्रश्नाला माझं उत्तर: मिळवून दिलेली वेळ वाया घालवणाऱ्यांचा दोष जास्त. पण ती वेळ आहे असं खोटं सांगणाऱ्यांचा, स्रेब्रेनित्सासारखा, त्याहून जास्त.

कोरापान

पहाटवारा दादा, अजून एक विचारू? तुम्ही लिहिलंत, काही वेळा फरक पडतो. एखादी अशी वेळ सांगाल का? मोठी नसली तरी चालेल.

पहाटवारा

सांगतो. छोटीच आहे.

तळाला लागून विस्थापितांची वस्ती होती. बायका सरपणासाठी रानात जायच्या आणि वाटेत त्यांच्यावर हल्ले व्हायचे. म्हणून सरपणाची गस्त सुरू केली होती, आठवड्यातून तीन दिवस, सकाळी दहाला. रिपोर्टात सगळं व्यवस्थित. तरी हल्ले कमी होईनात.

आमच्यात एक महिला पोलीस अधिकारी होती, दुसऱ्या देशाची. ती दोन संध्याकाळी वस्तीत जाऊन नुसती बसली. तिसऱ्या दिवशी येऊन म्हणाली, दहा वाजता कुणी सरपणाला जातच नाही. ऊन चढतं, घरी पोरं उपाशी असतात. बायका अंधार असतानाच निघतात आणि तुमची गस्त निघते तेव्हा परत आलेल्या असतात, ज्या यायच्या त्या. आणि गाड्या पुढे नेऊ नका, गाडीच्या आवाजाने हल्लेखोर बाजूला होतात, मागे राहिलेलीला गाठतात. गाडी शेवटी ठेवा.

वेळ बदलायला तीन आठवडे लागले. पहाटेच्या गस्तीला परवानगी, इंधन, सुरक्षेचा पुन्हा अंदाज, बरंच काही. मग गस्त पहाटे साडेचारला निघू लागली. पहिल्या दिवशी आठ बायका आल्या, आमच्याकडे न बघता पुढे चालत होत्या. दुसऱ्या आठवड्यात साठच्या वर. रांगेत सर्वांत मागे एक म्हातारी असायची, आमची गाडी तिच्या वेगाने चालायची. परतताना तिने एकदा डोक्यावरची मोळी काढून बॉनेटवर ठेवली आणि हातानेच ‘चल’ म्हणून खूण केली.